सातव्या जागी डी

१७ जानेवारी २०२५, शुक्रवार. सकाळी ११.

काल तेरावं झालं. आजपासून वही. घरून काम करणाऱ्याने रोज चार ओळी लिहाव्यात, शिस्त राहते, असं कंपनीच्या एका वेबिनारमध्ये सांगितलं होतं. आधी वेळ नव्हता.

नोंदीपुरतं: ३ तारखेला पेडगावहून झरीला परत येताना मोटारसायकलला रोही, म्हणजे नीलगाय, आडवी आली. माझं उजवं मनगट मोडलं. ४ तारखेला दैवशाला गेली. एकवीस वर्षांचा संसार. त्यावर इथे लिहिणार नाही. ही वही हाताची आणि कामाची आहे.

काम मेडिकल कोडिंगचं. अमेरिकेतल्या दवाखान्यांचे केसपेपर हैदराबादच्या कंपनीमार्फत माझ्या स्क्रीनवर येतात. त्यांना चार्ट म्हणतात. डॉक्टरने लिहिलेलं वाचायचं आणि आजाराला ठरलेला कोड द्यायचा. मी अकरा वर्षं हाडांच्या विभागात आहे. उजव्या मनगटाचं सरकलेलं हाड म्हणजे एस ५२.५३१, आणि सातव्या जागी एक अक्षर. पहिल्या उपचाराला ए. नीट जुळत असेल तर डी. वाकडं जुळलं तर पी.

वहीच्या शेवटच्या पानावर माझा स्वतःचा चार्ट उघडला आहे. एस ५२.५३१ डी.

डॉक्टरांनी आज परभणीला हाताचा एक्स-रे फोटो काढायला बोलावलं होतं. हाड सरकलं असेल तर आताच परत बसवता येईल, उशीर केला तर नाही, असं म्हणाले होते. गेलो नाही. घरात पाहुणे आहेत. शिवाय दुखत नाही. सकाळी दुखतं, ते थंडीने.

सोमवारी नक्की.

१९ जानेवारी, रविवार.

प्लास्टरचं लिहून ठेवतो, म्हणजे पुढे घोळ नको.

दहाव्याला गंगाखेडच्या घाटावर जायचं होतं. पाणी उजव्या हाताने सोडायचं असतं, अंगठा आणि तर्जनीच्या मधून. हात कोपरापर्यंत प्लास्टरमध्ये. हरिओम गुरुजी म्हणाले की प्लास्टिकची पिशवी बांधा, आजकाल चालतं. नाहीतर तिच्या भावाला, महारुद्रला, पुढे करा. मला पटलं नाही. एकवीस वर्षं जिच्या हातचं खाल्लं तिला पिशवीतून पाणी? आदल्या दिवशी बादलीत हात भिजवून ठेवला आणि शेजारच्यांची पत्रा कापायची कात्री आणली. अर्ध्या तासात निघालं. म्हणजे कापणं मला जमतं.

कावळा लगेच शिवला. निर्णय बरोबर होता.

आता क्रेप बँडेज बांधतो. संकल्प: रोज सकाळी पन्नास वेळा चेंडू दाबणे, मिठाच्या पाण्याचा शेक, हात टेबलावर उताणा ठेवून दहा मिनिटं.

हात उताणा ठेवला की अंगठ्याची बाजू टेबलाला टेकत नाही. बोटभर वर राहते. टेबलाला उतार असावा. एका पायाखाली पुठ्ठ्याची घडी घातली.

२० जानेवारी, सोमवार.

दवाखान्यात सोमवारी गर्दी असते.

२२ जानेवारी, बुधवार. दुपारी.

ग्यानबाकडे गेलो होतो. त्याची मेंढरं सध्या गावाबाहेरच्या मोकळ्या रानात बसली आहेत. मेंढराचा मोडलेला पाय बांधण्यात त्याचं नाव आहे. मी फक्त सल्ला घ्यायला गेलो.

त्याने बँडेज सोडून मनगटावरून दोन बोटं फिरवली. मग म्हणाला, "साहेब, मी मेंढराचं बघतो. मेंढराला चार पाय असतेत. एक वाकडा जुळला तरी तीन हायत की. तुमाला दोनच हात हायत. दवाखान्यात जावा."

मी चहा घेतला नाही. शिक्षण नसलं की माणूस लगेच घाबरवतो.

चेंडू: १४ वेळा. पन्नासची सवय हळूहळू लावलेली बरी.

२५ जानेवारी, शनिवार.

कालपासून कामावर रुजू. रोजचे ऐंशी चार्ट लागतात. आज एकतीस झाले. हे वाईट नाही. डाव्या हाताचा वेग वाढेल. संकल्प: फेब्रुवारीत शंभर.

टीम लीड राजेश्री मॅडमनी फोनवर सहानुभूती व्यक्त केली आणि पंधरा दिवस आकडा बघणार नाही म्हणाल्या. मी म्हणालो गरज नाही, बघा.

२७ जानेवारी, सोमवार.

शिवकन्या परभणीला कॉलेजात बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला आहे. सकाळच्या बसने जाते, एकला येते, मग स्वयंपाक करते. आज जेवताना म्हणाली, "पप्पा, हात वाकडा दिसायलाय. फोटोला कवा जायलाव?"

तिला आमच्या कामातला पहिला नियम समजावून सांगितला. कोडरने स्वतः एक्स-रे बघून काही ठरवायचं नसतं. डॉक्टरने लिहिलं तर झालं. लिहिलं नाही तर झालं नाही. माझ्या कागदावर कुठेही वाकडं असं लिहिलेलं नाही. म्हणून डी.

ती म्हणाली की डॉक्टरकडे गेलोच नाही तर ते लिहिणार कधी. मी म्हणालो, तोच मुद्दा आहे.

ती ताट घेऊन उठली. तिला पटलं असावं.

२९ जानेवारी, बुधवार.

आज बावीस चार्ट. माऊस धरताना मनगटात कळ येते. शिवकन्या दुपारी बाजूला बसली आणि मी सांगितलं तसं टाइप करू लागली. चार वाजेपर्यंत मला सांगावंही लागलं नाही. मुलगी हुशार आहे. माझ्यावर गेली आहे.

कंपनीच्या नियमात हे बसत नाही. पण लॉगिन माझं, खुर्ची माझी. ती फक्त बोटं.

टेबलाखाली पुठ्ठ्यावर फरशीचा तुकडा घातला. पुठ्ठा दबत होता.

२ फेब्रुवारी, रविवार.

दैवशालाचं महिन्याचं. हरिओम गुरुजी घरी आले. मी उजवा हात पुढे केला. त्यांनी पळीने पाणी घातलं. तळहात वर वळेना. पाणी करंगळीच्या बाजूने घरंगळून पाटावर पडलं. परत घातलं. परत पडलं. तिसऱ्या वेळी त्यांनी माझा हात खालून धरून वळवायचा प्रयत्न केला, तेव्हा माझ्या तोंडून आवाज निघाला. बाया बघत होत्या.

गुरुजी म्हणाले की भावना महत्त्वाची. पाट पुसून घेतला.

पाट जुना आहे, डुगडुगतो.

भागुबाई मावशी, म्हणजे दैवशालाच्या आईची बहीण, पेडगावहून आली होती. त्या दिवशी आम्ही तिच्याकडूनच निघालो होतो. माझा हात हातात घेऊन म्हणाली, "हातावर निभावलं म्हणायचं, जावईबापू." मग तिच्याच लक्षात आलं आणि पदर तोंडाला लावून ती आत गेली.

१० फेब्रुवारी, सोमवार.

आनंदाची बातमी. दुपारच्या चार्टची क्वालिटी नव्व्याण्णव टक्के. अकरा वर्षांत माझी पंचाण्णवच्या वर गेली नव्हती. राजेश्री मॅडमनी ग्रुपवर माझं नाव टाकलं. खाली सोळा अंगठे आले. दुःखात माणसाचं लक्ष उलट जास्त लागतं, असं मी उत्तर दिलं.

शिवकन्याला दाखवलं. ती म्हणाली, "दुपारचेच का?"

सकाळच्यांची अजून तपासणी झालेली नाही.

चेंडू सापडत नाही. सापडला की सुरू.

१४ फेब्रुवारी, शुक्रवार.

शिवकन्याने विचारलं की आई त्या दिवशी दवाखान्यात काय करत होती. सांगितलं. दैवशाला स्वतः उठली. साडी झटकली, वाटेवर ऑटो थांबवला, मला धरून बसवलं. दवाखान्यात माझं नाव तिनेच लिहून दिलं. एक्स-रेच्या खोलीबाहेर माझा शर्ट घेऊन उभी होती. सगळं तिनेच केलं. म्हणजे ती ठणठणीत होती.

शिवकन्याने विचारलं की काहीच म्हणाली नाही का. डोकं जड झालंय म्हणाली, परत येताना. उन्हात उभी होती.

"जानेवारीत कसलं ऊन, पप्पा."

मी तिला डोकेदुखीची गोळी दिली होती. गोळी दिली नाही असं नाही.

हे इथे लिहायचं नव्हतं. कामाची वही आहे.

१८ फेब्रुवारी, मंगळवार. सायंकाळी.

ऑडिट झालं. सकाळच्या चार्टमध्ये वाकड्या जुळलेल्या मनगटाचे अकरा पेशंट होते. अकराही ठिकाणी डॉक्टरने 'मॅलयुनियन' असं स्वच्छ लिहिलेलं. अकराही ठिकाणी मी डी दिला. दुपारच्या चार्टमध्ये असे नऊ होते. नऊच्या नऊ बरोबर, पी.

राजेश्री मॅडम म्हणाल्या, "रंगनाथ, तुमच्या खुर्चीवर सकाळी एक माणूस बसतो आणि दुपारी दुसरा, असं दिसतंय." मी म्हणालो, सकाळी थंडीने हात आखडतो. त्या म्हणाल्या की चार्ट डोळ्यांनी वाचतात. मग विचारलं की अकरा वेळा तो शब्द दिसलाच कसा नाही.

दिसला होता. पण पेशंट लोक चालत येतात, बोलतात, स्वतः सही करतात. एकीने तर आपण रोज स्वयंपाक करतो असं सांगितल्याची नोंद होती. मला वाटलं, डॉक्टर जरा कडक आहे.

हाडांचा विभाग माझ्याकडून काढला. एक तारखेपासून त्वचेचा. खाज, पुरळ वगैरे. तिथे सातवं अक्षर नसतं. एका अर्थी बढतीच आहे.

टेबलाखाली फरशीच्या तुकड्यावर मागच्या वर्षीचं कोडचं जाड पुस्तक ठेवलं. हात आता जवळजवळ टेकतो. पेन मात्र घरंगळून खाली जातं.

२३ फेब्रुवारी, रविवार.

महारुद्र राणीसावरगावहून आला. घरं बांधायची गुत्ती, म्हणजे ठेके, घेतो, त्यामुळे कुठेही गेला की भिंती बघतो. आल्या आल्या टेबलाकडे बघून म्हणाला की दाजी, हे टेबल डोंगरावर का चढवलंय. मी सांगितलं, मुळात उतार होता. त्याने पिशवीतून उतार तपासायची बुडबुड्याची लेव्हल काढली, तेवढ्यात शिवकन्याने चहा आणला. मी उजव्या हाताने कप घ्यायला गेलो.

त्याने कप बाजूला ठेवायला लावला आणि माझी बाही वर केली. मनगट बाजूने पाहिलं तर जेवणाच्या काट्यासारखं दिसतं, हे पुस्तकातही लिहिलेलं आहे, त्यात नवीन काही नाही.

"दाजी," तो म्हणाला, "असा स्लॅब मी टाकला असता ना, तर मालकानं माझ्याकडूनच पाडून घेतला असता." मग शिवकन्याकडे वळून, "लय दिवस झाले का हे असं?"

ती म्हणाली, "यांच्या हिशोबानं अजून झालंच न्हाई, मामा."

दोघं हसले. मीही हसलो. घरात बऱ्याच दिवसांनी हसणं झालं.

उद्या तिघं परभणीला. मी आधीच ठरवलं होतं.

२४ फेब्रुवारी, सोमवार. सायंकाळी ७.

फोटो काढला. डॉक्टरांनी तो काचेवर लावला आणि जानेवारीचा फोटो शेजारी लावला. प्लास्टर कुणाला विचारून काढलं, असं त्यांनी विचारलं. मी दहाव्याचं सांगितलं. ते म्हणाले, मला एक फोन केला असता तर त्याच दिवशी संध्याकाळी दुसरं घालून दिलं असतं. मला हे माहीत नव्हतं. म्हणजे कोड माहीत आहे. प्लास्टर परत घालण्याचा वेगळा कोड असतो.

सतरा तारखेला का आला नाहीत, असंही विचारलं. तेव्हा दाबून बसलं असतं म्हणे. आता हाड जुळलेलं आहे. तेच परत कापायचं, कमरेतलं थोडं हाड काढून मध्ये भरायचं, वर पट्टी आणि स्क्रू. तरी पहिल्यासारखा होईल असं सांगत नाहीत.

मग त्यांनी लिहिलं. मी उलट्या बाजूने वाचलं. हजार वेळा स्क्रीनवर वाचलेला शब्द. हाताने लिहिलेला पहिल्यांदाच पाहिला. शेवटी एक रेघ ओढली त्यांनी खाली.

बाहेर बाकावर बसलो. महारुद्र पाणी आणायला गेला. शिवकन्या फाइल लावत होती. जानेवारीचा केसपेपर तिच्या हातात आला आणि ती तो वाचायला लागली. आता तिला डॉक्टरांचं अक्षर लागतं. मीच शिकवलं.

तिने बोट ठेवून वाचून दाखवलं. मोटारसायकलवरून पडले. मागे पत्नी. पत्नीस इजा नाही.

"पप्पा, हे कुणी सांगितलं?"

मी म्हणालो, डॉक्टरांनी विचारलं होतं.

"विचारलं त्यांनी. सांगितलं कुणी?"

मी म्हणालो की तेव्हा हातात फार कळा होत्या.

"तुमीच शिकवलं न मला. लिहिलेलं तेच झालेलं. मग आईला काईच झालं नव्हतं." आवाज अजिबात चढवला नाही तिने. "मग मेली कशानं?"

मी तिला सांगितलं की आमच्यात प्रश्न विचारायचे नियम असतात. ज्या प्रश्नात उत्तर आधीच सुचवलेलं असतं तो विचारता येत नाही.

तिने कागदाची घडी घातली, फाइलमध्ये ठेवली नाही, स्वतःच्या पर्समध्ये ठेवली. महारुद्र बाटली घेऊन आला. तिने ती त्याच्याकडून घेतली, झाकण काढलं आणि मला दिली. डाव्या हातात.

बसमध्ये ती मामाशेजारी बसली.

२५ फेब्रुवारी, मंगळवार.

शिवकन्या सकाळी महारुद्रबरोबर राणीसावरगावला गेली. तिथून कॉलेजच्या वसतिगृहाचं बघणार आहे. दोन्ही बॅगा नेल्या. हवापालट होईल.

जाताना दोन दिवसांची भाजी करून ठेवली आणि लॅपटॉपचा पासवर्ड कागदावर लिहून टेबलावर ठेवला. पासवर्ड माझाच आहे. मधे तिने बदलला होता, हे मला माहीत नव्हतं.

मी भाकरी थापून बघितली. उजवा तळहात सपाट पडत नाही, भाकरी एका बाजूला जाड आणि दुसऱ्या बाजूला फाटते. पीठ जुनं असावं.

आज चार्ट: ९.

शेवटच्या पानावर अजून डी आहे. डॉक्टरने लिहिलं आहे, त्यामुळे बदलावा लागेल. पेन टेबलावरून घरंगळून कपाटाखाली गेलं. हे पेन्सिलीने लिहितो आहे. कोड पेन्सिलीने लिहायचा नसतो.

२७ फेब्रुवारी, गुरुवार. सकाळी ९.

काल शिवरात्र. उपास आपोआप झाला.

शिवकन्याला दोन फोन केले. महारुद्रने उचलले. ती आंघोळीला गेली आहे म्हणाला. दोन्ही वेळा.

राजेश्री मॅडमचा मेल: दुपारचा माणूस सोमवारपासून दिसत नाही, सगळं ठीक ना. उत्तर द्यायचं आहे.

महारुद्र आपली लेव्हल इथेच विसरून गेला. खिडकीत सापडली.

टेबलाखालचं पुस्तक काढलं. फरशीचा तुकडा काढला. त्याच्याखाली पुठ्ठ्याची पहिली घडीही चिकटून राहिली होती, ती नखाने खरवडून काढली. एका हाताने वेळ लागला.

डॉक्टरांनी विचारलं, बाईंना काही लागलं का, तेव्हा ती माझ्या खुर्चीच्या मागे उभी होती. मी वळून बघितलं नाही. तिला काही नाही, मी म्हणालो, आधी माझं बघा.

लेव्हल टेबलावर आडवी ठेवली. मग उभी ठेवली. दोन्ही वेळा बुडबुडा मधोमध.

टेबल सरळ आहे. पहिल्यापासून.